मी मास्टर्ससाठी डब्लिनला जाणार आहे. आयर्लंडचे लिओ वराडकर नगरसेवक ते पंतप्रधान कसे झाले? घराणं होतं की नशीब?

घराणं अजिबात नव्हतं. नशिबाने हात दिला तो एकदाच, 2003 मध्ये. बाकी दारोदार फिरून मिळवलेली मतं, आणि शेवटच्या पायरीवर पक्षातल्या खासदारांचं गणित.

2017 मध्ये आपल्या वर्तमानपत्रांनी 'मालवणचा सुपुत्र' म्हणून जे रकाने भरले, त्यात हा भाग जवळपास नव्हताच. वडील डॉ. अशोक वराडकर मालवण तालुक्यातल्या वराडचे, हे खरं. 2019 च्या डिसेंबरात लिओ घरच्यांबरोबर गावी जाऊन आले, हेही खरं. पण त्यांना मतं दिली ती डब्लिनच्या पश्चिमेकडच्या कॅसलनॉक उपनगराने, आणि तिथल्या मतदाराला वराडशी काही देणंघेणं नव्हतं. आई नर्स, वडील जीपी म्हणजे फॅमिली डॉक्टर.

पहिली निवडणूक त्यांनी 1999 मध्ये लढवली. वय 20, ट्रिनिटी कॉलेजात मेडिकलला. जागा होती फिंगल काउंटी कौन्सिलची. फिंगल म्हणजे डब्लिनच्या उत्तरेचा आणि वायव्येचा पट्टा, विमानतळसुद्धा त्यातच. पडले. मग 2003 मध्ये त्याच कौन्सिलवर पक्षाची, म्हणजे फिने गेलची, एक जागा रिकामी झाली. इथे नगरसेवकाची जागा मध्येच रिकामी झाली तर पोटनिवडणूक होत नाही. ज्या पक्षाची जागा, तो पक्ष नाव सुचवतो आणि कौन्सिल त्याला घेते. तसे वराडकर आत आले. मी नशीब म्हटलं ते एवढंच. त्याच सुमारास कायदा झाला की 2004 च्या स्थानिक निवडणुकीपासून खासदाराला नगरसेवकपद ठेवता येणार नाही. तोवर दोन्ही खुर्च्या अडवून बसणारे खूप होते. त्यामुळे नव्या पोरांना जागा झाली.

2004 मध्ये मात्र लोकांनीच निवडून दिलं. पहिल्या पसंतीची 4,894 मतं, त्या वेळी देशातल्या सगळ्या नगरसेवकांत सर्वाधिक. वय 25.

ही मतं कशी मिळतात ते मी डब्लिन 15 मध्ये, म्हणजे कॅसलनॉकच्याच पट्ट्यात, राहत असल्याने दर निवडणुकीला बघतो. संध्याकाळी जेवणाच्या सुमारास बेल वाजते. दारात उमेदवार, सोबत दोन-तीन कार्यकर्ते, एकाच्या हातात आपल्या रस्त्यावरच्या घरांची यादी. भोंगा नाही, घोषणा नाहीत. कोपऱ्यावरचा दिवा बंद आहे म्हटलं की लिहून घेतात. आपण घरी नसलो तर 'येऊन गेलो, भेट झाली नाही' असं कार्ड दाराच्या फटीतून आत पडलेलं असतं. नगरसेवकाच्या हातात तसा अधिकार बेताचाच, कारभार पगारी मुख्याधिकारी बघतो. तरीही हा दिवा लागला का, हे लोक पुढच्या मतदानापर्यंत लक्षात ठेवतात.

मतपत्रिकेवर उमेदवारांचे फोटो असतात, नावं आडनावाच्या वर्णक्रमाने. त्यामुळे वराडकर बिचारे कायम तळाशी. शिक्का मारायचा नसतो, 1, 2, 3 असे पसंतीचे आकडे लिहायचे. खासदारकीच्या एका मतदारसंघातून तीन ते पाच जण निवडून येतात. कोटा पुरा झाला की वरची मतं पुढच्या पसंतीला जातात, तळाचा उमेदवार बाद झाला की त्याचीही. म्हणून इथे शेजारच्या पक्षाला कोणी फार शिव्या देत नाही, त्याच्या मतदाराची दुसरी पसंती हवी असते! वराडकरांची जीभ मात्र तशी सैलच, आणि त्याचे त्यांना फायदे-तोटे दोन्ही झाले.

2007 मध्ये डब्लिन वेस्टमधून ते डॉलमध्ये, म्हणजे इथल्या लोकसभेत, पोचले. तीन जागा होत्या. समाजवादी पक्षाचे जो हिगिन्स यांची गेली. 2010 मध्ये पक्षनेते एन्डा केनी यांना हटवण्याच्या बंडात वराडकर बंडखोरांच्या बाजूला होते. बंड फसलं, तरी 2011 मध्ये पंतप्रधान झाल्यावर केनींनीच त्यांना वाहतूक मंत्री केलं. पुढे आरोग्य, मग समाजकल्याण. आरोग्यमंत्री असताना जानेवारी 2015 मध्ये, वाढदिवशी, रेडिओवर त्यांनी आपण समलिंगी असल्याचं सांगितलं. चार महिन्यांनी समलिंगी विवाहाचं सार्वमत जिंकलं गेलं.

आता घराण्याबद्दल. इथेही घराणेशाही आहेच. केनी 1975 मध्ये वडील वारल्यावरच्या पोटनिवडणुकीतून आले. वराडकरांच्याच मतदारसंघातले ब्रायन लेनिहन 1996 मध्ये तसेच. आणि 2017 मध्ये पक्षाच्या नेतेपदासाठी समोर उभे असलेले सायमन कोव्हेनी 1998 मध्ये, तेही तसेच! साध्या सभासदांनी कौल दिला कोव्हेनींना, 7,051 विरुद्ध 3,772. पण सभासदांच्या मताचं वजन 25 टक्के, नगरसेवकांचं 10 आणि खासदारांचं 65. खासदारांत वराडकर 51 विरुद्ध 22, नगरसेवकांत 123 विरुद्ध 100. पक्ष सत्तेत होता, त्यामुळे जो नेता तोच पंतप्रधान. म्हणजे पंतप्रधानपद त्यांना खासदारांनी दिलं. लोकप्रियतेच्या लाटेवर आले असं जे लिहिलं गेलं, ते मला पटत नाही.

2020 च्या निवडणुकीत तर पंतप्रधान असूनही स्वतःच्या मतदारसंघात ते पहिले आले नाहीत. सिन फेन पक्षाचे पॉल डॉनेली मतमोजणीच्या पहिल्याच फेरीत निवडून आले, वराडकर पाचव्या फेरीत. डॉनेलीही फिंगल कौन्सिलचेच नगरसेवक. नंतर आघाडी झाली, आलटूनपालटून पंतप्रधानपद ठरलं, डिसेंबर 2022 मध्ये ते पुन्हा खुर्चीवर आले आणि मार्च 2024 मध्ये राजीनामा जाहीर करून बाजूला झाले. त्यांच्या जागी आलेले सायमन हॅरिससुद्धा विकलो काउंटीचे माजी नगरसेवक.

तुम्ही मास्टर्ससाठी डब्लिनला येताय असं प्रश्नात लिहिलंय. स्थानिक निवडणुकीत मत द्यायला आयरिश पासपोर्ट लागत नाही, इथे राहणारा 18 वर्षांवरचा कोणीही देऊ शकतो आणि उभाही राहू शकतो. डॉलसाठी मत द्यायला मात्र आयरिश किंवा ब्रिटिश नागरिकत्व हवं. आलात की मतदारयादीत नाव घाला. पुढची स्थानिक निवडणूक 2029 मध्ये आहे.