वर्णभेदाच्या काळात दक्षिण आफ्रिकेतले कृष्णवर्णीय चित्रकार काम कसं करत?

सरकारी शाळांत त्यांच्यासाठी चित्रकला जवळजवळ नव्हतीच. मग आधार मिशनच्या केंद्रांचा. रोर्क्स ड्रिफ्ट या गावच्या स्वीडिश लुथरन केंद्रातून लिनोकट (लिनोलियम या जमिनीवर अंथरायच्या मऊ शीटवर कोरून छापलेलं चित्र) गाजलं, कारण साधं: लिनोलियम स्वस्त, हत्यारं दोन-चार, आणि प्रेस नसला तरी चमच्यानं घासून छापता येतं. तिथले चित्रकार अझारिया म्बाथा बायबलच्या गोष्टी कोरत, पण माणसं कृष्णवर्णीय. देवाधर्माच्या आडून बरंच काही सांगून व्हायचं!

उघड बोलणाऱ्यांना मात्र देश सोडावा लागे. चित्रकार थामी म्न्येले शेजारच्या बोट्स्वानात, गाबोरोनला, कलाकारांच्या मेडू गटात पोस्टर करत. ती पोस्टरं चोरून सीमेपार दक्षिण आफ्रिकेत जात. 'दडपणात कला बहरते' असं काही जण म्हणतात, ते मला पटत नाही; दडपणानं कलाकारांचे जीवही घेतले. १४ जून १९८५ ला दक्षिण आफ्रिकी सैन्यानं गाबोरोनवर छापा घातला, त्यात म्न्येलेंसह १२ जण मारले गेले.