सुरैया : सूर नव्हे, कृत्तिका

एका ताईंचा प्रश्न आला आहे. शेजारच्या घरी मुलगी झाली, अकीक्याचं (बाळाच्या जन्मानंतरच्या मुस्लिम विधीचं) आमंत्रण आलं, नाव ठेवलंय सुरैया. ताईंनी हौसेनं अर्थ शोधला, तर एका यादीत 'सुरेल', दुसरीत 'सुंदर', तिसरीत 'राजकन्या'. त्या विचारतात, यातला खरा अर्थ कोणता? 'सूर' किंवा 'सूर्य' या शब्दांशी या नावाचं काही नातं आहे का? आणि भेटपाकिटावर लिहायचं काय, सुरैया की सुरय्या?

तिन्ही अर्थ सोडून द्या. सुरैया म्हणजे कृत्तिका. हिवाळ्यात संध्याकाळी डोक्यावर दिसणारा, सहा-सात ताऱ्यांचा तो इवलासा पुंजका. अरबीत त्याचं नाव 'अस्-सुरय्या', आणि मुलीचं नाव थेट त्यावरूनच आलेलं आहे. सूर, सुर, सूर्य हे आपल्याकडचे शब्द. त्यांचा आणि या नावाचा काडीचाही संबंध नाही.

'सुरेल' हा अर्थ कुठून चिकटला असेल त्याचा अंदाज करता येतो. आपल्या कानांवर हे नाव ठसलं ते सुरैया जमाल शेख यांच्यामुळे (१९२९–२००४). चाळीस-पन्नासच्या दशकांत पडद्यावर स्वतःच्याच आवाजात गाणारी ही नायिका मुंबईत राहिली, मुंबईतच गेली. असा गळा आणि वर नावात 'सुर', मग लोकांनी दोन्ही जोडले तर नवल नाही.

आता शब्दाच्या मुळाकडे जाऊ. अरबी शब्द बहुधा तीन व्यंजनांच्या धातूवर उभा असतो. इथला धातू आहे स-र-व, अर्थ 'भरपूर असणं, सधन असणं'. याच धातूपासून 'सर्वत' म्हणजे संपत्ती, तेही नाव आपल्याकडे मुस्लिम घरांत ऐकू येतं. 'सर्वा' म्हणजे समृद्ध अशी ती, आणि तिचं लघुरूप 'सुरय्या'. आपण छकुली, सोनुली म्हणतो तसं हे लाडकं, लहानगं रूप आहे. अरबीत लघुरूप करताना पहिल्या अक्षराला उकार येतो आणि पुढे 'ऐ' येतो. हसनचा हुसैन होतो तो असाच. अब्दचा उबैद, हमराची हुमैरा आणि सर्वाची सुरय्या. म्हणजे 'लहानशी, पण भरलेली'.

भरलेली का, याची दोन उत्तरं जुन्या कोशकारांनी दिली आहेत. तेराव्या शतकात 'लिसान-अल्-अरब' हा प्रचंड कोश रचणाऱ्या इब्न मंज़ूर यांनी दोन्ही नोंदवली आहेत. एक, या नक्षत्राच्या वेळचा पाऊस भरपूर असतो म्हणून. दुसरं, एवढ्याशा जागेत इतके तारे दाटीनं बसलेत म्हणून. मला दुसरं जास्त पटतं, कारण लघुरूप का वापरलं तेही त्यातच सांगून होतं. पण वाळवंटात पाऊस हीच संपत्ती, त्यामुळे पहिलंही हलक्यात घेण्यासारखं नाही.

आपल्या पंचांगाशी हे किती जवळ येतं पाहा. आपली नक्षत्रं अश्विनी, भरणी, कृत्तिका अशी सुरू होतात. अरबांच्या चंद्राची अठ्ठावीस घरं शरतान, बुतैन, सुरैया अशी. दोन्हीकडे तिसरी तीच! अरबीत नुसतं 'अन्-नज्म', म्हणजे 'तारा', म्हटलं तरी जुन्या काळी तो बहुधा सुरैयालाच उद्देशून असे. कुराणाच्या त्रेपन्नाव्या सूरेचं, म्हणजे अध्यायाचं, नाव 'अन्-नज्म' आहे, आणि तिथे सुरैयाच अभिप्रेत आहे असं अनेक भाष्यकार सांगतात. नज्मा हे नाव त्याच शब्दाचं.

ती नुसती शोभेची चांदणी नव्हती, तिच्यावर व्यवहार चालत. प्रेषितांचे लेखनिक जैद बिन साबित यांच्याबद्दल हदीसमध्ये, म्हणजे प्रेषितांच्या काळच्या उक्ती-आठवणींच्या संग्रहात, सांगितलं आहे की सुरैया उगवेपर्यंत ते आपल्या जमिनीतली फळं विकायला काढत नसत. ती उगवली की पिवळं फळ कोणतं आणि लाल कोणतं ते कळू लागे, म्हणजेच पीक हाती येणार याची खात्री होई. मदीनेसारख्या खजुरीच्या गावात याचं महत्त्व वेगळं सांगायला नको. इथे 'उगवली' म्हणजे सूर्याच्या तेजात दडलेली कृत्तिका उन्हाळ्याच्या तोंडाशी पहाटे पूर्वेला पुन्हा दिसली. आखातात आजही एप्रिलअखेर ते जूनचा पहिला आठवडा या जेमतेम चाळीस दिवसांना 'सुरैयाचं दडणं' अशा अर्थाचं नाव आहे. आपल्याकडे मे महिन्याच्या मध्यावर सूर्य कृत्तिका नक्षत्रात असतो तोच हा काळ. इकडे मृग निघतो त्या सुमाराला तिकडे सुरैया परत दिसते. फक्त आपल्याकडे पेरणीची घाई असते आणि तिकडे खरा उकाडा तेव्हा सुरू होतो.

याहून मला आवडते ती चंद्राची आणि तिची भेट. चंद्राला कृत्तिकेपाशी परत यायला सव्वासत्तावीस-साडेसत्तावीस दिवस लागतात, आणि अमावास्या ते अमावास्या साडेएकोणतीस. म्हणून ही भेट दर महिन्याला साधारण दोन तिथी अलीकडे येते. अरबस्तानातल्या बदूंनी, म्हणजे वाळवंटातल्या भटक्या टोळ्यांनी, यावरच हिवाळ्याचं कॅलेंडर बसवलं. चंद्र अकरा दिवसांचा असताना भेट, मग नऊ, मग सात, पाच, तीन. प्रत्येक भेटीला हवामानाची एक यमक जुळवलेली म्हण आहे. नवव्या दिवसाच्या भेटीची म्हण 'किरान तासिअ, बर्द लासिअ', म्हणजे नवमीची गाठ आणि नांगी मारणारी थंडी. आता आपलं पंचांग काढा. पौर्णिमेचा चंद्र कृत्तिकेपाशी असतो म्हणून त्या महिन्याचं नाव कार्तिक. तिथून दोन-दोन तिथी मागे या: मार्गशीर्षात त्रयोदशी, पौषात एकादशी, माघात नवमी, फाल्गुनात सप्तमी, चैत्रात पंचमी आणि वैशाखात थेट अक्षय्य तृतीया. एखाद्या दिवसाचा फरक पडेल, पण गणित तेच. माघातली ती नवमी फेब्रुवारीच्या आसपास येते, आणि म्हणीतली थंडीही तेव्हाचीच.

अरबांनी सुरैयाची कल्पना स्त्री म्हणूनच केली, आणि केवढी मोठी! तो पुंजका म्हणजे तिचा फक्त मुख्य भाग. त्याच्या दोन्ही बाजूंना तिचे हात पसरलेले. एक हात आखूड, तो तिमिंगलाच्या दिशेला थांबतो. दुसरा लांबच लांब, उत्तरेकडे ययाती तारकासमूह ओलांडून शर्मिष्ठेपर्यंत जातो. या हाताचे अवयव ताऱ्यांच्या आजच्या नावांत जसेच्या तसे राहिले आहेत. ययातीतला सगळ्यात तेजस्वी तारा मिरफक, म्हणजे कोपर. त्याच समूहातला मेनकिब, म्हणजे खांदा. आणि शर्मिष्ठेतला काफ, म्हणजे पंजा. या पंजाचं पूर्ण नाव 'अल्-कफ्फ अल्-खज़ीब', मेंदीनं रंगलेला हात. डिसेंबरात जेवणं झाल्यावर गच्चीवर जाऊन कृत्तिकेपासून उत्तरेकडे नजर फिरवत गेलात तर कोपर आणि मेंदीचा हात ओळीनं सापडतात. शहरातूनही दिसतात, कारण हे तारे पुरेसे ठळक आहेत. दुर्बिणीचीही गरज नाही.

तिच्या मागोमाग जो लालसर तारा येतो ती आपली रोहिणी. अरबांनी त्याला पुरुष केलं आणि नाव दिलं 'अद्-दबरान', मागून येणारा. त्याची गोष्ट अशी: दबरानला सुरैया हवी होती, चंद्र मध्यस्थ झाला. तिनं तोंड फिरवलं आणि चंद्राला म्हणाली, या कफल्लकाला घेऊन मी काय करू? तेव्हापासून दबरान आपल्या कोवळ्या सांडण्यांचा कळप मेहेर (वरानं वधूला द्यायचं धन) म्हणून पुढे हाकत तिच्या मागे मागे फिरतो आहे. रोहिणीभोवतीचे बारीक तारे म्हणजे त्या सांडण्या. आपल्या पुराणात रोहिणी चंद्राची लाडकी बायको, आणि तिकडे तोच तारा चंद्राच्या मध्यस्थीनंही नकार पचवलेला प्रेमिक.

सुरैया हे माणसांत किती जुनं नाव आहे, ते एका खऱ्या लग्नावरून कळतं. सातव्या-आठव्या शतकात मक्केत उमर इब्न अबी रबीआ नावाचा कवी होता, प्रेमकवितांसाठी गाजलेला. मक्केच्या कुरैश टोळीतल्या सुरैया नावाच्या एका स्त्रीवर त्यानं बऱ्याच कविता केल्या. पुढे तिचं लग्न झालं ते सुहैल नावाच्या माणसाशी. आता सुहैल म्हणजे आपला अगस्त्य, दक्षिणेकडचा तेजस्वी तारा. उमरनं दोनच ओळी लिहिल्या. त्यांचा आशय असा: सुरैयाचं सुहैलशी लग्न लावणाऱ्या बाबा, ही दोघं भेटणार कशी? ती उगवते तेव्हा शामची, तो उगवतो तेव्हा यमनचा. शाम म्हणजे उत्तरेकडचा सीरिया, यमन दक्षिणेला. दोन माणसांची नावं, दोन तारे, दोन देश आणि कवीची पोटातली कळ, एवढं सगळं त्या दोन ओळींत मावलं आहे. आजही अरबी वाचणाऱ्यांना त्या पाठ असतात. कृत्तिका आणि अगस्त्य आपल्या आकाशात कुठे असतात हे ज्याला माहीत आहे, त्या मराठी वाचकालाही त्या समजावून सांगाव्या लागत नाहीत.

म्हणींमध्ये सुरैया येते ती उंचीचं माप म्हणून. 'सरा' म्हणजे ओली माती. अरबी म्हण विचारते: कुठे सरा आणि कुठे सुरैया? आपली 'कुठे इंद्राचा ऐरावत, कुठे शामभटाची तट्टाणी' हीच ती. फार्सीत म्हणतात, गवंड्यानं पहिली वीट तिरकी ठेवली तर भिंत सुरैयापर्यंत तिरकीच जाते. आणि हदीसमध्ये प्रेषितांनी सलमान फारसी या आपल्या इराणी सहकाऱ्यावर हात ठेवून म्हटलं आहे की, श्रद्धा सुरैयापाशी असती तरी यांच्यातली, म्हणजे इराणी, माणसं तिथवर पोचली असती. मुलीचं नाव सुरैया ठेवताना हे 'हाताला सहज न लागणारं उंच' आई-बापांच्या मनात असू शकतं.

नाव पुढे पुष्कळ हिंडलं. ग्रानाडाच्या सुलतानाची राणी झालेली इसाबेल दे सोलिस ही स्पॅनिश स्त्री पंधराव्या शतकात सुरैया म्हणूनच ओळखली गेली, आणि स्पेनमध्ये आजही 'सोराया' चालतं. तुर्कस्तानात 'सुरेय्या' पुरुषाचंही नाव असतं. इराणचे शाह मोहम्मद रझा पहलवी यांची दुसरी राणी सोराया. अफगाणिस्तानचे अमानुल्ला खान यांची राणीही सोराया, जन्म दमास्कसचा. १९२९ साली गादी सोडून हे कुटुंब मुंबईला आलं तेव्हा राणीला इथेच मुलगी झाली, आणि तिचं नाव ठेवलं इंडिया! अरबीत सुरैयाचा एक अर्थ झुंबर असाही आहे. मोरोक्कोतल्या ताज़ा शहराच्या जुन्या मशिदीत पाचशेहून अधिक दिव्यांचं कांस्याचं झुंबर टांगलेलं आहे, तीही 'सुरैया'च.

राहिला उच्चार आणि लेखन. अरबीत पहिलं अक्षर आपला 'स' नाही. जिभेचं टोक दातांमध्ये धरून काढायचा, 'थ'च्या जवळचा असा तो आवाज आहे. फार्सीत आणि उर्दूत त्याचा सरळ 'स' होतो, आणि आपल्याकडे शब्द त्याच वाटेनं आले. आपल्या रोजच्या 'वारस'मधला, 'मिरासदार'मधल्या 'मिरास'चा, उस्मानमधला, हदीसमधला स हा मुळात तोच. म्हणून उपग्रह फोनच्या बातम्यांत 'थुराया' असं जे नाव वाचता, तेही हेच: कंपनी संयुक्त अरब अमिरातीतली, तिनं अरबी उच्चार ठेवला.

मुळात 'य' दुहेरी आहे, त्यामुळे 'सुरय्या' मुळाच्या जास्त जवळ. 'सुरैया' मराठीत रुळलेलं, तेही बरोबरच. 'सुरैय्या' मात्र नको, त्यात ऐकार आणि जोड-य दोन्ही येऊन तेच काम दोनदा होतं. ताई, पाकिटावर लिहिण्याआधी घरच्यांनी आमंत्रणावर कसं छापलंय ते पाहा आणि तसंच लिहा. आणि मुलीच्या आजीला दबरानची गोष्ट ठाऊक आहे का, ते जरूर विचारा.