झटपट चिकन सूप घरी कसं करायचं? माझं सूप पांचट होतं आणि चिकन कोरडं पडतं

तुम्ही लिहिलंय की बोनलेस चिकन, कांदा, गाजर असं सगळं एकदम पाण्यात टाकून वीस-पंचवीस मिनिटं खळखळ उकळता, शेवटी कॉर्नफ्लोअर लावता, तरी सूप पांचटच लागतं आणि चिकनचा चोथा होतो. दोन्ही तक्रारींचं मूळ एकच आहे. पाण्याला चव आणायची आणि चिकनही खाण्यालायक ठेवायचं, ही दोन्ही कामं तुम्ही बोनलेस ब्रेस्टवर टाकलीत. ब्रेस्टमध्ये चरबी नाही, हाड नाही, सांधा नाही. पाण्याला देण्यासारखं त्याच्याकडे फारसं काही नसतं, आणि जे थोडंफार असतं ते निघेपर्यंत मांस सुकून जातं.

म्हणून पहिला बदल खरेदीतच करा. हाडासकट मांडीचे किंवा तंगडीचे तुकडे आणा, अर्धा किलो पुरे. पंख मिळाले तर तेही दोन-चार टाका. हाडांभोवती, सांध्यांत आणि कातडीत कोलॅजन असतं. ओल्या उष्णतेत ते हळूहळू विरघळतं आणि त्याचं जिलेटिन होतं. चांगलं सूप जिभेवर जरा भरीव लागतं, ओठांना किंचित चिकटतं, ते यामुळेच. उघड्या पातेल्यात याला दीड-दोन तास लागतात. प्रेशर कुकरमध्ये पाणी १००ऐवजी १२० अंशांच्या आसपास उकळतं, त्यामुळे तेच काम पंधरा मिनिटांत बऱ्यापैकी होतं. शिवाय मांडीचं मांस थोडं जास्त शिजलं तरी रुसत नाही, उलट मऊ होतं.

आता कृती. कुकरमध्ये चमचाभर तेल किंवा लोणी तापवा आणि तुकडे कोरडे पुसून, कातडीची बाजू खाली करून ठेवा. तीन-चार मिनिटं अजिबात हलवू नका. खालची बाजू छान तांबूस झाली की उलटा. भांड्याच्या तळाला जो तपकिरी थर धरतो ती फुकटची चव आहे, घासून सिंकमध्ये घालवू नका. त्यात चार फोडी केलेला कांदा, ठेचलेल्या पाच-सहा लसूण पाकळ्या, आल्याचा तुकडा, गाजराचे मोठे तुकडे, आठ-दहा मिरे आणि एक तमालपत्र टाका. एक लिटर पाणी घालून उलथन्याने तळ खरवडून घ्या. सपाट एक चमचा मीठ आत्ताच घाला.

उकळी फुटू लागली की वर करडा फेस जमतो. तो चमच्याने काढून टाका. फेस वाईट नसतो, ती गोठलेली प्रथिनं असतात, पण राहिली तर सूप गढूळ दिसतं. मग झाकण लावा, मोठ्या आचेवर एक शिट्टी होऊ द्या आणि आच बारीक करून बारा ते पंधरा मिनिटं ठेवा. गॅस बंद केल्यावर वाफ आपोआप जिरू द्या. शिट्टी उचलून वाफ काढायची घाई केलीत तर आतलं पाणी एकदम उसळतं, फेस आणि चरबी ढवळली जाते आणि सूप गढूळ होतं. शिवाय अंगावर उडण्याची भीती असतेच.

झाकण उघडल्यावर सगळं गाळून घ्या. मांस हाडापासून सोडवा. हाताला चटका बसणार नाही इतकं निवलं की ते बोटांनी सहज सुटतं. आतल्या भाज्या लगद्यासारख्या झालेल्या असतात, त्यांनी आपली चव देऊन टाकलीय, त्या बाजूला काढा. खाण्यासाठी गाजर, फरसबी, मका असं काही हवं असेल तर ते ताजं, बारीक चिरून गाळलेल्या सूपमध्ये पाच मिनिटं उकळा. मांस सगळ्यात शेवटी, गॅस बंद करताना घाला. ते शिजलेलं आहे, फक्त गरम व्हायचंय. सगळं मिळून पाऊण तास लागतो, पण त्यातली हाताची कामं पंधरा मिनिटांची, बाकी वेळ कुकर त्याचं काम करतो.

आता पांचटपणाकडे येऊ, कारण तुमच्या प्रश्नाचा खरा गाभा तोच आहे. कॉर्नफ्लोअरने सूप दाट होतं, चवदार होत नाही. उलट पातळ सूपमध्ये जेवढी चव लागते तेवढीही दाट सूपमध्ये लागत नाही. म्हणून ते लावण्याआधी ही परीक्षा घ्या. एका वाटीत दोन-तीन चमचे सूप काढा, त्यात अगदी चिमूटभर मीठ विरघळवा आणि आधी कुकरमधलं, मग वाटीतलं, असं चाखून बघा. वाटीतलं एकदम जागं झाल्यासारखं लागलं तर मीठच कमी होतं, दुसरं काही नाही. बहुतेक वेळा एवढंच निघतं. वाटीतलं नुसतं खारट झालं, पण सपाटच राहिलं, तर त्यात लिंबाचे दोन थेंब पिळून बघा. आंबटपणाने सूप उचललं जातं. दोन्ही करूनही ‘गरम पाणी प्यायल्यासारखं’ वाटत असेल तर पाणी जास्त झालंय. मग गाळलेलं सूप झाकण न ठेवता मोठ्या आचेवर सात-आठ मिनिटं आटवा आणि पुन्हा चाखा. मात्र आटवायचं असेल तर मीठ आधीच बरोबर करून ठेवू नका, पाणी उडतं, मीठ उडत नाही. लिंबू नेहमी गॅस बंद केल्यावर, उकळत्या सूपमध्ये त्याचा वास टिकत नाही. मिरपूडही वाढतानाच.

मीठ जास्त झालंच तर बटाटा टाकून उपयोग नाही. बटाटा खारट पाणी शोषतो, त्यातलं मीठ तेवढं वेचून घेत नाही. बिनमिठाचं गरम पाणी घालणं हा एकच सरळ उपाय. आणि सूप क्यूब वापरणार असाल तर सुरुवातीचं मीठ विसरा, क्यूबमध्ये ते भरपूर असतं.

दाट सूप आवडत असेल तर एक मोठा चमचा कॉर्नफ्लोअर तीन चमचे गार पाण्यात कालवा. गरम पाण्यात कालवलंत की गुठळ्या झाल्याच म्हणून समजा. उकळत्या सूपमध्ये ढवळत ढवळत घाला आणि दाट झाल्यावरही मिनिटभर उकळा, नाहीतर कच्च्या पिठाची चव राहते. त्यापेक्षा मला अंडं आवडतं. एक अंडं फेटून, सूपची उकळी थोडी बसली की बारीक धारेने सोडायचं आणि चमचा एकाच दिशेने सावकाश फिरवायचा. रेशमासारखे पदर सुटतात.

कुकर नसेल किंवा खरंच वीसच मिनिटं असतील तर चिकन खिमा वापरा. ऐकायला विचित्र वाटेल, पण मांस जितकं बारीक तितकी चव पाण्यात लवकर उतरते. पाव किलो खिमा पाऊण लिटर गार पाण्यात हाताने मोकळा करा, चिरलेला कांदा, लसूण, आलं, मीठ घाला आणि मध्यम आचेवर ढवळत उकळीला आणा. गार पाण्यातच सुरुवात करायची, उकळत्या पाण्यात टाकलात तर खिम्याचे गोळे होतात. उकळी आल्यावर बारीक आचेवर पंधरा मिनिटं. याला कुकरच्या सूपचं अंग येत नाही, पण चव येते.

आणि घरात फक्त ब्रेस्टच असेल तर? मग ते उकळू नका. कांदा-लसूण-मिऱ्यांचं पाणी आधी दहा मिनिटं उकळून तयार करा, आच बारीक करा, ब्रेस्टच्या पातळ चकत्या सोडा आणि पाणी नुसतं थरथरत राहील एवढ्या आचेवर ठेवा. चार-पाच मिनिटांत होतात. सगळ्यात जाड चकती कापून बघा, आत गुलाबी राहायला नको. थर्मामीटर असेल तर मधोमध ७४ अंश सेल्सिअस झालं की चिकन खायला सुरक्षित.

कच्चं चिकन नळाखाली धुऊ नका, असं मी सगळ्यांना सांगतो आणि सगळे माझ्याकडे संशयाने बघतात. पण त्यातले जिवाणू धुण्याने मरत नाहीत, शिंतोड्यांबरोबर सिंक, ओटा, शेजारची भांडी इकडे पसरतात. मरतात ते शिजवल्यावर. कागदाने टिपून घ्या, हात आणि सुरी साबणाने धुवा, झालं.

सर्दीला याचा उपयोग होतो का, हेही तुम्ही विचारलंय. गरम वाफेने नाक मोकळं होतं आणि घशाला बरं वाटतं, एवढं नक्की. अमेरिकेत नेब्रास्का विद्यापीठातले डॉक्टर स्टीफन रेनार्ड यांनी पत्नीच्या आजीच्या कृतीचं सूप प्रयोगशाळेत तपासलं होतं. २००० साली छापून आलेल्या त्या अभ्यासात सूपमुळे न्यूट्रोफिल नावाच्या पांढऱ्या पेशींची हालचाल मंदावलेली दिसली. सर्दीतली सूज कमी होण्याशी त्याचा संबंध असू शकतो, असा त्यांचा अंदाज. पण तो प्रयोग काचेच्या भांड्यातला होता, माणसांवरचा नाही. तेव्हा औषध म्हणून नको, भूक लागली म्हणून प्या.

उरलेलं सूप रात्रभर ओट्यावर ठेवू नका. पसरट भांड्यात ओतलं की लवकर निवतं, दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये जायला हवं. सकाळी ते जेलीसारखं थलथलीत झालेलं दिसलं तर घाबरू नका, तेच ते जिलेटिन, गरम केलं की पुन्हा पातळ होतं. वर जमलेली चरबी सगळी काढू नका, थोडी राहू द्या, वास तिच्यातच असतो. फ्रिजमध्ये तीन-चार दिवस, फ्रीझरमध्ये दोन-तीन महिने सहज टिकतं. प्यायच्या वेळी लागेल तेवढंच काढून चांगलं उकळा. नूडल्स किंवा भात घालणार असाल तर तोही त्याच वेळी वेगळा शिजवून घाला, आधीपासून घातलात तर दुसऱ्या दिवशी सूप उरत नाही, खीर होते.