संध्याकाळी ट्यूबलाइटजवळ येणारं, वाळक्या पानासारखं तपकिरी फुलपाखरू कोणतं? त्याच्या अळ्या भात खातात का?

बहुतेक कॉमन ईव्हनिंग ब्राउनच आहे ते (मेलानायटिस लेडा), आणि हो, अळ्या भाताची पानं खातात पण त्यासाठी फवारणी करायची गरज सहसा पडत नाही. मादी गवताच्या, बांबूच्या नाहीतर भाताच्या पानावर गोल चकचकीत अंडी घालते, मग हिरवी अळी, डोक्यावर दोन शिंगं असतात तिला, त्यावरून लगेच ओळखू येते, पानाच्या खालच्या बाजूला लपून असते. कोषही हिरवाच, पानाला उलटा लटकलेला. अंड्यापासून फुलपाखरू व्हायला साधारण महिनाभर धरा, थंडीत जास्त. मोठं झाल्यावर फुलांकडे फारसं फिरकत नाही, सडलेली फळं आणि झाडाचा रस हेच खाणं. आफ्रिकेपासून भारत, आग्नेय आशिया ते ऑस्ट्रेलियापर्यंत सापडतं, म्हणजे फक्त आपल्या कोकणातलं वगैरे नाही. फक्त एक, पावसाळ्यात पंखाखाली डोळ्यांसारखे ठिपके स्पष्ट दिसतात आणि कोरड्या दिवसांत ते जवळजवळ गायब, शिवाय सह्याद्रीत डार्क ईव्हनिंग ब्राउनही आहे, त्यामुळे नुसत्या पंख मिटलेल्या फोटोवरून छातीठोक सांगता येत नाही.