वाचकांचे प्रश्न : आधी शहर, मग नगरपालिका

औद्योगिक क्रांतीच्या सुरुवातीच्या काळातील इंग्लंडमधील शहरांवर गेल्या अंकात प्रसिद्ध झालेल्या लेखासंबंधी कोल्हापूर शहरातून आणि जिल्ह्यातून बरीच पत्रे आली. सारख्या आशयाची पत्रे एकत्र करून पाच प्रश्नांना येथे उत्तरे दिली आहेत.

प्रश्न : आमच्या गावाला ‘महाराष्ट्राचे मँचेस्टर’ म्हणतात. मूळ मँचेस्टर एवढ्या झपाट्याने कशामुळे वाढले? गिरण्या तेथेच का निघाल्या? — एक यंत्रमागधारक, इचलकरंजी

पहिल्या सूतगिरण्या मँचेस्टरमध्ये निघाल्याच नव्हत्या. रिचर्ड आर्कराइटने १७७१ मध्ये डर्बीशर परगण्यातील क्रॉमफर्ड येथे गिरणी उभारली, ती वाहत्या पाण्यासाठी. यंत्रे पाणचक्कीवर चालत असल्यामुळे मालकाला नदीकाठच्या आडगावी जावे लागे, आणि तेथे मजूर मिळत नसल्यामुळे त्यांच्यासाठी घरेही त्यालाच बांधावी लागत. स्टायल येथे १७८४ मध्ये गिरणी काढणाऱ्या सॅम्युअल ग्रेगने तर सरकारी गरीबखान्यांतून मुले आणून त्यांना कराराने कामाला ठेवले होते. वाफेच्या इंजिनाने हे बंधन सुटले. आता कोळसा स्वस्त आणि माणसे मुबलक असतील तेथे गिरणी काढता येऊ लागली, आणि मँचेस्टरमध्ये या दोन्ही गोष्टी होत्या. वर्स्लीच्या खाणीतून शहरापर्यंत आलेल्या ब्रिजवॉटर कालव्यामुळे १७६१ नंतर तेथील कोळशाचा भाव जवळजवळ निम्म्यावर आला होता. कापूस उतरवून घ्यायला लिव्हरपूलचे बंदर हाकेच्या अंतरावर होते, आणि १८३० मध्ये या दोन शहरांदरम्यान रेल्वेही सुरू झाली. १८०१ च्या पहिल्या जनगणनेत मँचेस्टर आणि शेजारचे सॅलफर्ड मिळून सुमारे ९० हजार लोकवस्ती होती. १८५१ मध्ये एकट्या मँचेस्टरची लोकसंख्या तीन लाखांवर गेली.

मात्र या वाढीची दुसरी बाजू माझ्या मते अधिक महत्त्वाची आहे. एवढ्या मोठ्या वस्तीला १८३८ पर्यंत नगरपालिकाच नव्हती. कायद्याच्या दृष्टीने मँचेस्टर हे मोझ्ली घराण्याच्या जहागिरीतील एक गाव होते, आणि बाजार, वजनमापे, रस्त्यांवरील घाण यांची देखरेख जहागिरीच्या कचेरीत दरवर्षी नेमले जाणारे मानकरी करीत. दिवाबत्ती आणि गस्त यांसाठी पुढे वेगळे कमिशनर नेमले गेले, पण कोणाचे काम कोठे संपते याचा मेळ नव्हता. पार्लमेंटमध्येही १८३२ पर्यंत या शहराचा स्वतःचा प्रतिनिधी नव्हता. प्रतिनिधित्वाच्या मागणीसाठी १६ ऑगस्ट १८१९ रोजी सेंट पीटर्स फील्ड या मैदानात सुमारे ६० हजार लोक जमले, तेव्हा न्यायदंडाधिकाऱ्यांच्या हुकमावरून त्यांच्यावर घोडदळ घालण्यात आले. पंधराहून अधिक माणसे मेली आणि शेकडो जखमी झाली. नगरपालिका स्थापन झाल्यावरही जहागिरीचे हक्क मोझ्लींकडेच होते, ते १८४६ मध्ये दोन लाख पौंड मोजून सोडवून घ्यावे लागले. इचलकरंजीही जहागिरीचेच गाव. परंतु १९०४ मध्ये तेथे पहिला यंत्रमाग आला, तेव्हा खुद्द जहागीरदार नारायणराव घोरपडे उद्योगाला उत्तेजन देत होते. दोन्ही गावांची तुलना करताना हा फरक नजरेआड करू नये.

प्रश्न : त्या काळी मँचेस्टरमधील मजुराचे सरासरी आयुष्य फक्त १७ वर्षांचे होते, असे लेखात म्हटले आहे. मग गिरण्यांत काम कोण करीत होते? — इतिहासाची एक विद्यार्थिनी, राजारामपुरी, कोल्हापूर

शंका रास्त आहे. हा आकडा सरकारी अधिकारी एडविन चॅडविक याच्या मजुरांच्या आरोग्यावरील १८४२ च्या अहवालातला असून तो मृत्यूच्या वेळच्या सरासरी वयाचा आहे. मँचेस्टरमधील मजूर सतराव्या वर्षी मरत होते, असा त्याचा अर्थ होत नाही. मजुरांची निम्म्याहून अधिक मुले पाच वर्षांची होण्याआधीच दगावत असल्यामुळे सरासरी एवढी खाली आली होती; शिवाय झपाट्याने वाढणाऱ्या शहरात तरुण आणि मुले यांचे प्रमाण मुळातच जास्त असल्याने ही सरासरी वास्तवापेक्षाही कमी दिसते. जो बालपणातून वाचला, तो चाळिशी-पन्नाशी गाठण्याची बरीच शक्यता होती.

तथापि या आकड्यांची तुलना मात्र बोलकी आहे. रटलंड या शेतीप्रधान परगण्यात मजुरांचे हेच सरासरी वय ३८ होते. मँचेस्टरमधील वकील, डॉक्टर, जमीनदार अशा प्रतिष्ठित वर्गाचेही ते ३८ च भरले, आणि लिव्हरपूलमधील मजुरांचे तर १५. रटलंडच्या शेतमजुराची मजुरी गिरणी कामगाराच्या मजुरीपेक्षा पुष्कळच कमी होती. म्हणजे जास्त मजुरी मिळवणारा लवकर मरत होता, आणि शहरातील श्रीमंताला खेड्यातील गरिबाएवढेच आयुष्य मिळत होते. तेव्हा केवळ दारिद्र्याकडे किंवा केवळ यंत्राकडे बोट दाखवून भागणार नाही. दोष वस्तीत होता.

ही वस्ती कशी होती ते पाहू. पाठीला पाठ लावून बांधलेल्या घरांच्या रांगा असत. प्रत्येक घराच्या तीन भिंती शेजाऱ्यांशी सामाईक, त्यामुळे दार आणि खिडकी फक्त पुढच्या बाजूला; मजल्यावर एक खोली आणि हवा आरपार जाण्यास वाव नाही. रस्त्यावरून एका बोळकांडीतून आत गेले की चारी बाजूंनी घरांनी वेढलेला चौक लागे. त्या चौकात सर्वांसाठी मिळून एक-दोन संडास, त्यांचा उघडा खड्डा आणि शेजारीच राखेचा ढीग. पाण्याचा नळ असलाच तर तो सामाईक, आणि त्याला पाणी दिवसातून थोडाच वेळ येई. बाकी वेळी साठवलेल्या पाण्यावर भागवायचे. सर्वांत गरीब कुटुंबे या घरांखालच्या तळघरांत राहत आणि तेथे जमिनीतून ओल, तर कधी शेजारच्या खड्ड्यातील पाणी पाझरत असे. अशी घरे बांधणारे बहुधा गिरणीमालक नसत, तर थोडे भांडवल असलेले छोटे कंत्राटदार आणि दुकानदार असत, हेही लक्षात घ्यावे. बांधकामाला नियम नव्हता आणि नियम लावील अशी संस्थाही नव्हती.

अशा वस्तीत पटकी (कॉलरा) शिरली. १८१७ मध्ये बंगालमध्ये उसळलेल्या साथीपासून हा रोग टप्प्याटप्प्याने पश्चिमेकडे सरकत १८३१ मध्ये संडरलँडच्या बंदरात उतरला, आणि पहिल्याच फेरीत ब्रिटनमध्ये सुमारे ३२ हजार बळी गेले. रोग दूषित पाण्यातून पसरतो हे तेव्हा वैद्यकाला ठाऊक नव्हते. दुर्गंधीनेच रोग होतो, असा चॅडविकसह बहुतेकांचा समज होता. त्या समजापायी लंडनमधील मैला धुऊन टेम्स नदीत सोडण्यात आला, आणि त्याच नदीचे पाणी लोक पीत असल्यामुळे १८४८-४९ ची साथ अधिकच भडकली. तरीही गटारे, नळ आणि साफसफाई यांचा चॅडविकचा आग्रह योग्यच होता. लिव्हरपूलने १८४७ मध्ये डॉ. विल्यम डंकन यांना आरोग्य अधिकारी म्हणून नेमले; असे पद निर्माण करणारे ते पहिले शहर. १८४८ च्या सार्वजनिक आरोग्य कायद्याने स्थानिक आरोग्य मंडळांची तरतूद केली, आणि जेथे दरहजारी वार्षिक मृत्यू २३ हून अधिक असतील तेथे मंडळ सक्तीने नेमण्याचा अधिकार दिला. विरोध झाला तो बहुतांशी घरपट्टी वाढेल या भीतीने, आणि तो करणारे लहान घरमालकच होते. नगरपालिकेच्या सभांचे वृत्तांत वाचणाऱ्या कोणालाही हा विरोध ओळखीचा वाटेल. मँचेस्टरने १८४८ पासून लाँगडेंडेलच्या खोऱ्यात तलाव बांधायला घेतले. उलट लीड्समध्ये पाठीला पाठ लावलेली घरे १९३७ पर्यंत बांधली जात होती.

प्रश्न : बायका गिरणीत जाऊ लागल्यामुळे तेथील कुटुंबव्यवस्था मोडली, असे आम्हाला शाळेत शिकवले होते. ते खरे का? — एक निवृत्त शिक्षिका, गडहिंग्लज

त्या काळच्या अनेक प्रतिष्ठितांनी अशी ओरड केली होती, ती पाठ्यपुस्तकांत तशीच उतरली. इंग्लंडमध्ये आपल्यासारखी एकत्र कुटुंबपद्धती गिरण्यांच्या आधीही रूढ नव्हती. लग्न झालेले जोडपे वेगळे बिऱ्हाड करी. मँचेस्टर ज्यात येत असे त्या लँकेशर परगण्यातील प्रेस्टन या गिरण्यांच्या गावाच्या १८५१ च्या जनगणनेचा बारकाईने अभ्यास झाला आहे, त्यात उलटच चित्र दिसते. सासूसासरे, अविवाहित भावंडे, पुतणे-भाचे अशा नातेवाइकांसह राहणारी बिऱ्हाडे तेथे खेड्यांपेक्षा अधिक होती. बहुतेक लोक जवळपासच्या गावांतून आलेले. आधी आलेला मामा किंवा थोरला भाऊ गिरणीत शब्द टाकून नोकरी मिळवून देई, निजायला जागा देई, आणि आजी घरी मूल सांभाळी, म्हणून आई कामावर जाऊ शके. सूत कातणारा कामगार तुटलेले धागे सांधायला अनेकदा स्वतःचीच मुले घेई.

याचा अर्थ हाल नव्हते असा नाही. पाळण्यातल्या मुलाला सांभाळायला कोणी नसेल, तर ‘गॉडफ्रेज कॉर्डियल’ नावाचे औषध पाजून त्याला निजवीत. हे औषध म्हणजे काकवीत मिसळलेला अफूचा अर्क, आणि तो वाण्याच्या दुकानातही सहज मिळे. वारंवार पाजल्याने मुलांची भूक मरे आणि ती वाळत जात. काही मुले उठतच नसत. कापड गिरण्यांत निम्म्याहून अधिक कामगार स्त्रिया आणि मुले होती. १८३३ च्या कायद्याने नऊ वर्षांखालील मुलांना कामावर घेण्यास बंदी केली, पण देशभरासाठी निरीक्षक चारच नेमले, आणि जन्मनोंदणी १८३७ पर्यंत सुरूच झाली नसल्यामुळे मुलाचे वय त्याच्या उंचीवरून आणि दातांवरून ठरवावे लागे. स्त्रियांचा आणि अठरा वर्षांखालील मुलांचा कामाचा दिवस दहा तासांवर आणणारा कायदा १८४७ मध्ये झाला. मजुरीच्या बाबतीत मात्र एक गोष्ट आवर्जून सांगावीशी वाटते : लँकेशरच्या विणकाम खात्यात कापडाच्या नगावर मजुरी असे आणि ती पुढे स्त्री-पुरुषांना एकाच दराने मिळू लागली, तर सूत कातणाऱ्या पुरुषांच्या संघटनेने स्त्रियांना त्या चांगल्या पगाराच्या कामापासून दूर ठेवले.

प्रश्न : सहकाराची सुरुवात इंग्लंडमधील विणकरांच्या दुकानातून झाली, असे आमच्या दूध संस्थेच्या वार्षिक सभेत एका वक्त्याने सांगितले. हे दुकान कोणते? — एक सभासद, शिरोळ तालुका

मँचेस्टरजवळच्या रॉचडेल गावातील टोड लेन या गल्लीत २१ डिसेंबर १८४४ च्या संध्याकाळी ते उघडले. सभासद २८, त्यांत फ्लॅनेल या लोकरी कापडाचे विणकर बरेच, आणि भांडवल २८ पौंड. हा एकेक पौंडही दर आठवड्याला दोन-तीन पेन्स टाकून जमवलेला. पहिल्या दिवशी विक्रीला होते लोणी, साखर, पीठ, ओटचे पीठ आणि मेणबत्त्या, एवढेच.

दुकानाची गरज का पडली, तेही पाहिले पाहिजे. गावच्या दुकानदारांकडे मजुराची उधारी कायम असे, त्यामुळे माल निकृष्ट निघाला तरी दुसऱ्या दुकानी जाण्याची सोय नसे. पिठात खडू आणि तुरटी मिसळणे, चहात दुसरी पाने घालणे हे सर्रास चाले. काही मालक पगार रोखीऐवजी स्वतःच्या दुकानातील मालात देत. ही प्रथा १८३१ च्या कायद्याने बंद करावी लागली. म्हणून रॉचडेलच्या मंडळींनी शुद्ध माल, अचूक माप आणि फक्त रोखीचा व्यवहार हे नियम केले. सभासदाने किती भांडवल घातले यावर नव्हे, तर त्याने किती खरेदी केली त्या प्रमाणात नफा वाटला जाई, आणि मत प्रत्येकाला एकच. दिवाळीच्या आधी दूध संस्था सभासदाने घातलेल्या दुधाच्या प्रमाणात जो दरफरक देते, त्यामागे हेच तत्त्व आहे.

दोन दुरुस्त्या मात्र कराव्या लागतील. अशी दुकाने त्यापूर्वीही निघाली होती आणि बहुतेक बुडाली होती. रॉचडेलचे टिकले आणि त्याचे नियम सर्वत्र उचलले गेले, हे त्याचे खरे मोठेपण. आणि आपल्याकडे १९०४ च्या कायद्याने आलेल्या सहकारी पतपेढ्यांचा नमुना इंग्लंडमधला नसून प्रामुख्याने जर्मनीतील राइफायझेनच्या ग्रामीण पतसंस्थांचा होता.

प्रश्न : कोल्हापूरसारखे फुटबॉलचे वेड तेथील गिरणी कामगारांना कशामुळे लागले? — एक फुटबॉलप्रेमी, मंगळवार पेठ

मुख्यतः शनिवारच्या अर्ध्या सुटीमुळे. १८५० च्या कायद्याने स्त्रिया आणि अल्पवयीन मुले यांचे काम शनिवारी दुपारी दोन वाजता थांबवणे कापड गिरण्यांना बंधनकारक झाले. कायदा पुरुषांना लागू नव्हता. पण स्त्रिया आणि मुले यांच्यावाचून गिरणी चालत नसल्यामुळे इंजिनच बंद होई आणि पुरुषही सुटत. पूर्वीचे हातमागवाले सोमवारी मनाला येईल तशी सुटी घेत, ती गिरणीच्या भोंग्याने बंद केली होती. तिच्या जागी ही ठरलेली सुटी आली, आणि दुपारचे सामने त्या वेळेला बसले. आपल्याकडे पेठांच्या तालमींतून संघ उभे राहिले, तेथे चर्चच्या रविवार शाळा, कारखाने आणि रेल्वेची वर्कशॉप यांतून. आजचे मँचेस्टर युनायटेड हे १८७८ मध्ये न्यूटन हीथ येथील रेल्वे कामगारांनी काढलेल्या संघाचेच पुढचे रूप. १८८३ मध्ये लँकेशरमधील ब्लॅकबर्न ऑलिम्पिक या संघाने, ज्यात विणकर आणि इतर कामगार होते, ईटन या श्रीमंतांच्या शाळेच्या माजी विद्यार्थ्यांच्या संघाला २-१ असे हरवून एफए कप उत्तरेकडे आणला. १८८८ मध्ये फुटबॉल लीग सुरू झाली तेव्हा तिच्यातील १२ संघांपैकी सहा लँकेशरचे होते आणि लंडनचा एकही नव्हता.