सोडियम घटले, तर मीठ वाढवावे का?

प्रश्न : माझ्या सत्तर वर्षांच्या वडिलांना पक्षाघातानंतर फिट येऊ लागल्यामुळे दोन महिन्यांपासून ऑक्सकार्बाझेपिन चालू आहे. रक्तदाबासाठी क्लोरथॅलिडोन असलेली गोळीही ते घेतात. हल्ली ते गुंगीत असतात, चालताना तोल जातो. रक्तात सोडियम १२६ आले. नातेवाईक मीठ-साखरेचे पाणी भरपूर द्यायला सांगतात. तसे करावे, की फिटची गोळीच थांबवावी?
– एक वाचक, सातारा

उत्तर : दोन्ही करू नये, मात्र गुंगी आणि तोल जाणे ही लक्षणे असल्याने आजच डॉक्टरांना दाखवावे. रक्तातील सोडियम साधारणतः १३५ ते १४५ असते. ऑक्सकार्बाझेपिन आणि तिच्याच कुळातील कार्बामाझेपिन या औषधांमुळे मूत्रपिंडे पाणी धरून ठेवतात, लघवीवाटे ते पुरेसे बाहेर पडत नाही आणि रक्तातील सोडियम विरळ होते. म्हणजे येथे मुख्य अडचण मीठ कमी खाल्ल्याची नसून साठलेल्या पाण्याची आहे, आणि मीठ-साखरेचे पाणी भरपूर दिल्यास त्यात भरच पडू शकते. हा परिणाम बहुधा पहिल्या तीन महिन्यांत दिसतो व वयस्करांत अधिक आढळतो.

तुमच्या पत्रात मला अधिक खटकली ती रक्तदाबाची गोळी. क्लोरथॅलिडोन लघवीवाटे सोडियम बाहेर टाकते, त्यामुळे दोन्ही औषधे एकाच दिशेने ओढतात. अनेकदा ही दोन औषधे वेगवेगळ्या डॉक्टरांनी लिहिलेली असतात आणि एकाची चिठ्ठी दुसऱ्याने पाहिलेली नसते. सगळ्या गोळ्या सोबत न्याव्यात. रक्तदाबाची गोळी बदलणे, दिवसभरातील पाण्यावर मर्यादा घालणे, किंवा ऑक्सकार्बाझेपिन हळूहळू कमी करत लेव्हेटिरासिटामसारखे औषध सुरू करणे, यांपैकी काय करायचे ते डॉक्टर ठरवतील. फिटची गोळी अचानक थांबवल्यास लागोपाठ फिट येण्याचा धोका असतो.

सोडियम घाईने वाढवणेही धोक्याचे असते. ते बराच काळ कमी राहिले असेल, तर चोवीस तासांत ८ ते १० अंकांहून अधिक वाढू नये, कारण त्याने मेंदूला कायमची इजा होऊ शकते. म्हणूनच सलाइन रुग्णालयात, वारंवार रक्त तपासत दिले जाते. उलट्या, असंबद्ध बोलणे किंवा फिट, यांपैकी काहीही झाल्यास थेट रुग्णालय गाठावे. सोडियम फार घटल्यानेही फिट येते, तेव्हा औषधाचा डोस वाढवण्यापूर्वी ते तपासून घेण्याचा आग्रह धरावा.