तुमचे प्रश्न, आमची उत्तरं

प्रश्न: ती सफ्राजेट चळवळ (ब्रिटनमधल्या बायकांच्या मताच्या हक्काची) म्हणजे सगळी बंगलेवाल्या बायकांचीच होती ना, कामगार बाई कोणी होती का त्यात?

उत्तर: होती की! अ‍ॅनी केनी, इंग्लंडमधल्या ओल्डहॅमजवळची, दहाव्या वर्षापासून कापूस गिरणीत, आधी अर्धा दिवस गिरणी अर्धा दिवस शाळा आणि तेराव्या वर्षी शाळाच सुटली, सूत गुंडाळायच्या फिरत्या बॉबिनमध्ये एक बोटही तुटून गेलं. १३ ऑक्टोबर १९०५ ला मँचेस्टरच्या फ्री ट्रेड हॉलमध्ये लिबरल पक्षाची सभा होती, तिथे हिने उभं राहून विचारलं की तुमचं सरकार बायकांना मत देणार का? उत्तरच मिळालं नाही. मग खुर्चीवर चढून परत विचारलं, तर दोघींना, म्हणजे हिला आणि हिच्यासोबत आलेल्या ख्रिस्टाबेल पँकहर्स्ट या चळवळीतल्या पुढारी बाईला, ओढून बाहेर काढलं आणि अटक झाली. त्या काळी भर सभेत पुढाऱ्याला अडवणारी बाई म्हणजे लाज सोडलेली, त्यात गिरणीवाली, मग काय विचारता. कोर्टाने अ‍ॅनीला पाच शिलिंग दंड किंवा तीन दिवस कैद सांगितली, हिने कैद घेतली. ख्रिस्टाबेलनेही कैदच घेतली, पण ती वकिलाची मुलगी, तिला परत जायला घर होतं, म्हणून मला अ‍ॅनीचं जास्त कौतुक वाटतं (हे माझं मत हां).